मालकाची सही नाही म्हणून मिरची कांडपाचा परवाना अडवला. हायकोर्टात जावं का?

कांडप_गिरणी

नमस्कार मंडळी. सांगली जिल्ह्यातलं नदीकाठचं गाव, नगरपालिका हद्द. गावाचं नाव मुद्दाम घेत नाही. माणसं रोजच्या ओळखीची आहेत आणि काम अजून त्यांच्याकडेच अडकलंय.

पिठाची गिरणी आणि मिरची कांडपाचे दोन डंक, म्हणजे मोटरवर चालणारी उखळ-मुसळं, एवढाच आमचा धंदा. मामंजींनी १९८६ साली पेठेतल्या भाड्याच्या गाळ्यात सुरू केला. लग्न होऊन आले तशी मीही गिरणीत उभी राहिले. २०२० साली मामंजी गेले. पुढच्या वर्षी परवाना माझ्या नावावर झाला आणि तेव्हापासून दरसाल नूतनीकरण होत आलं. ३१ मार्चला मुदत संपते म्हणून फेब्रुवारीत अर्ज द्यायचा, फी भरायची, आरोग्य विभागाचा माणूस येऊन मोटर, वायरिंग, आग विझवायचं नळकांडं बघून जायचा, की परवाना हातात. मालकाची सही कुणी मागितली नाही. १९८६ चा पहिला परवाना काढताना जुन्या मालकांनी, म्हणजे तात्यांनी, संमती लिहून दिली होती, ती फायलीत आहे.

तात्या वारले. आता त्यांचे पुतणे मालक. ते पुण्याला असतात. त्यांना सगळे गाळे पाडून इमारत उठवायची आहे. आम्हाला "रिकामं करा" म्हणून तोंडी सांगितलं. कोर्टात दावा लावलेला नाही, नोटीस नाही. भाडं घ्यायचं मात्र बंद केलं. मनीऑर्डर पाठवली तर 'घेण्यास नकार' असा शेरा मारून परत आली. तो कागद मी जपून ठेवलाय.

यंदा अर्ज वेळेत दिला, फी भरली, पावती आहे. एप्रिल उजाडला तरी परवाना नाही. विचारायला गेले की "साहेब मीटिंगला", "फाईल टेबलावर". शेवटी एका ओळीचं पत्र आलं: 'जागामालकाचे चालू वर्षाचे ना हरकत पत्र जोडलेले नाही, सबब अर्ज दप्तरी दाखल.' आणि त्याच्या मागोमाग दुसरी नोटीस, की विनापरवाना व्यवसाय सात दिवसांत बंद करा, नाहीतर गाळा सील करू.

आमच्याकडे वर्षाची चटणी उन्हाळ्यात होते, हे इथल्या सांगली-साताऱ्याच्या लोकांना सांगायला नको. बायका मिरच्या उन्हात कडक वाळवून, डेखं काढून आणतात. रंगाला ब्याडगी, तिखटाला संकेश्वरी नाहीतर लवंगी, ज्याच्या त्याच्या घरचं प्रमाण. सोबत भाजलेले धने, जिरं, तीळ, सुकं खोबरं, तळलेला कांदा-लसूण वेगळ्या डब्यात. डंकाची मुसळं वरखाली होत असतात आणि प्रत्येक बाई आपली चटणी निघेपर्यंत नाकाला पदर लावून तिथंच बसते, कारण तिला दुसरीच्या तिखटाचा कणसुद्धा आपल्यात आलेला चालत नाही. म्हणून एका घरची चटणी निघाली की मी उखळ पुसून, थोडं मीठ कांडून घेते आणि मगच दुसरीची टाकते. फेब्रुवारी ते मे या चार महिन्यांच्या कमाईवर आमचं पावसाळ्यातलं घर चालतं. पिठाच्या गिरणीवर आता काय सुटतंय? घरोघरी छोट्या चक्क्या आल्या.

मला एकच गोष्ट पटत नाही. माझा डंक धोकादायक असेल, शेजाऱ्यांना त्रास होत असेल, तर पालिकेनं जरूर अडवावं, अटी घालाव्यात, मी पाळेन. मागं एका शेजाऱ्यानं तिखट उडतं म्हणून तक्रार केली तेव्हा मी खर्च करून पंखा आणि कापडी पिशव्या बसवून घेतल्या. पण मालक आणि माझ्यातला भाड्याचा वाद पालिकेनं परवान्याच्या कागदावर का सोडवावा? त्याला कोर्ट आहे. मालकांनी तिथं यावं, मी उत्तर देईन.

गावातले वकील म्हणतात, रिट, म्हणजे पालिकेच्या आदेशाविरुद्ध हायकोर्टात याचिका, करावी लागेल. घरचे म्हणतात, मालकाशी तडजोड कर, काहीतरी घे आणि सोड. माझी तयारी नाही. कुणी असं प्रकरण लढलंय का? खर्च, वेळ, काय काय कागद लागतात? आणि तोवर डंक चालू ठेवावेत की बंद?

पेठेतला_व्यापारी

ताई, तुमचा गुमास्ता असेल ना? तो दाखवा की. माझ्या कापड दुकानाला तर आता नूतनीकरणसुद्धा लागत नाही.

निवृत्त_लिपिक

वरच्या भावांनी दोन वेगळ्या गोष्टी एकत्र केल्यात, त्या आधी सोडवतो. गुमास्ता म्हणजे दुकाने व आस्थापना कायद्याखालची नोंद. २०१७ च्या नव्या कायद्यानं कामगार थोडे असतील तर नुसती सूचना द्यावी लागते. तो कामगार खात्याचा विषय. ताईंचा परवाना पालिकेचा आहे. मोटरवर चालणारी गिरणी, कांडप, भट्टी, ज्यातून आवाज, धूर, आगीची भीती असते, अशा धंद्यांना तो लागतो. अन्न सुरक्षेची नोंदणी तिसरी. एक असला म्हणून दुसऱ्याचं काम भागत नाही.

आता ताई, तुमच्यासाठी. मी नगरपालिकेत नोकरी केली, परवान्याचं टेबलही बघितलं. 'दप्तरी दाखल' हा शेरा कारकुनी आहे. फाईल बंद करून कपाटात ठेवली एवढाच त्याचा अर्थ. परवाना नाकारायचा तर मुख्याधिकाऱ्यांच्या सहीचा, कारण लिहिलेला आदेश हवा, आणि त्याआधी तुमचं म्हणणं ऐकायला हवं. तुमच्या पत्रावर सही कुणाची आहे ते बघा. 'करिता' लिहून भलत्याच कुणी सही केली असेल तर तेही टिपून ठेवा.

पहिलं काम माहिती अधिकाराचा अर्ज. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून तीन गोष्टी मागा. तुमच्या अर्जावरच्या टिपणीची नक्कल. मालकाचं चालू वर्षाचं ना हरकत पत्र लागतं असं ज्या ठरावात, उपविधीत किंवा परिपत्रकात लिहिलंय त्याची नक्कल. आणि गेल्या तीन वर्षांतल्या तुमच्याच फायलीची नक्कल. खरी गंमत दुसऱ्या मागणीत आहे. माझ्या अनुभवात असा कागद बहुतेक वेळा निघतच नाही. कुणीतरी तोंडी सांगितलेलं असतं आणि टेबलावरचा माणूस तेच नियम म्हणून चालवतो. तसं असेल तर उत्तरात 'अभिलेख उपलब्ध नाही' येईल, आणि ते एक वाक्य तुमच्या वकिलाला फार उपयोगी पडेल. ठराव निघालाच, तर तो बेकायदेशीर आहे म्हणून नगरपरिषद कायद्याच्या कलम ३०८ खाली जिल्हाधिकाऱ्यांकडे स्थगिती मागता येते.

दुसरं, लोकसेवा हक्क कायदा, २०१५. कार्यालयात अधिसूचित सेवांचा फलक लावलेला असतो, त्यावर परवाना नूतनीकरण आणि त्याचे दिवस लिहिलेले असतील तर तीस दिवसांच्या आत पहिलं अपील करा. वरिष्ठाकडे पहिलं, दुसरं, मग आयोगाकडे तिसरं. विनाकारण उशीर करणाऱ्या अधिकाऱ्याला पाचशे ते पाच हजार दंड होऊ शकतो. रकमेपेक्षा नोंदीला माणसं घाबरतात.

आणि एक विचारतो. नदीकाठचं गाव म्हणालात. २०१९ च्या पुरात गाळ्यात पाणी होतं का?

कांडप_गिरणी

होतं काका. माळ्यापर्यंत. मोटर जळली, मामंजींच्या ट्रंकेतल्या जुन्या भाडेपावत्यांचा लगदा झाला. त्यानंतरच्याच पावत्या आहेत, त्याही तात्या असेपर्यंतच्या. म्हणून तर भीती वाटते.

निवृत्त_लिपिक

मग पुराचा पंचनामा काढा. छोट्या दुकानदारांना त्या वेळी शासनाची मदत मिळाली होती आणि त्यासाठी दुकानादुकानांचे पंचनामे झाले. त्यात कब्जेदार म्हणून तुमच्या सासऱ्यांचं नाव, गाळ्याचं वर्णन, मोटर-डंकाचं नुकसान, सगळं सरकारी माणसाच्या हातचं लिहिलेलं असणार. तहसील कार्यालयातून त्याची प्रमाणित नक्कल घ्या. लाईट बिलं किती मागची मिळतात ते महावितरणकडे विचारा. पावत्यांचा लगदा झाला म्हणून भाडेकरूपण वाहून जात नाही.

चार_गाळे

मी गाळामालक आहे, साताऱ्यात. राग मानू नका ताई, पण आमचंही ऐका. माझ्या आजोबांनी दिलेल्या गाळ्याचं भाडं आजही इतकं आहे की त्यात घरपट्टी भागत नाही. भाडेकरू पिढ्यान्‌पिढ्या बसतो, छपराची दुरुस्ती मी करायची. आणि परवाना दरवर्षी निघत राहिला की उद्या कोर्टात तोच पुरावा म्हणून पुढं येतो. मग मालकाला एकदा विचारलं तर काय बिघडलं? उद्या शॉर्टसर्किट होऊन आग लागली तर इमारत कुणाची जळणार?

कांडप_गिरणी

दादा, राग नाही. घरपट्टीचं तुम्ही म्हणता ते खरं आहे. मामंजी असतानाच आम्ही तात्यांना भाडं वाढवून दिलं होतं, त्यांनी न मागता. नवीन मालकांनी रीतसर भाडं मागितलं असतं तरी मी बोलणीला बसले असते. त्यांना भाडं नकोच आहे, गाळा हवाय.

आगीचं म्हणाल तर वायरिंगचा दाखला मी दर वर्षी काढते. डंकाजवळ दिवसभर मीच उभी असते. आग लागली तर आधी मला लागेल.

विचारण्यात काही बिघडत नाही. पण 'विचारणं' आणि 'सही नसेल तर बंद कर' यात फरक आहे ना? अशानं ज्याला भाडेकरू काढायचाय त्याला कोर्टाची पायरी चढायलाच नको. सही रोखली की झालं. माझ्या ओळीत अजून पाच गाळे आहेत. शिंपी आहे, सायकलवाला आहे, एक म्हातारे चहावाले आहेत. आज माझ्यावर चाललं की उद्या त्यांच्यावर.

कोल्हापूर_वकील

उशिरा वाचलं. मी वकील आहे, तरी कागद न बघता लिहितेय, तेव्हा तुमच्या वकिलांचा सल्ला शेवटचा धरा.

ताईंचं म्हणणं कायद्याच्या भाषेत असं: धंदा करायचा हक्क संविधानाच्या कलम १९(१)(जी) मध्ये आहे. त्यावर बंधन घालायचं तर कायद्यानं, आणि वाजवी. परवान्याचा कायदा आरोग्य, सुरक्षितता, उपद्रव यांसाठी आहे. जागेत कुणी कायदेशीरपणे आहे का, एवढं पालिका बघू शकते. भाडेकरार संपला की नाही हे ठरवणं तिचं काम नाही. केरळच्या नगरपालिका कायद्यावरच्या एका प्रकरणात, तिरुवनंतपुरम महापालिकेच्या, सर्वोच्च न्यायालयानं २०१६ साली नूतनीकरणाच्या वेळी भाडेकरूकडून मालकाची नवी संमती मागण्याचाच प्रश्न हाताळला आणि कायदेशीर ताबा असलेल्या भाडेकरूच्या बाजूनं निकाल दिला. कायदा वेगळा आहे, त्यामुळे तो जसाच्या तसा लागू होतो असं मी म्हणणार नाही, पण युक्तिवादाला भक्कम आधार आहे. तुमच्या फायलीत १९८६ ची मूळ संमती आहे, हे त्यामुळंच महत्त्वाचं. ती नक्कल आधी हातात घ्या.

भाडेकरूपणाबद्दल. महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा, १९९९ चं कलम ७(१५) बघा. धंद्याच्या जागेचा भाडेकरू वारला तर त्याच्या मृत्यूच्या वेळी त्या जागेत धंद्यासाठी वावरणारा कुटुंबातला माणूस भाडेकरू ठरतो. तुम्ही सून, आणि मामंजी असताना गिरणीत उभ्या होतात. हे सिद्ध करायला शेजारच्या गाळेवाल्यांची आणि जुन्या गिऱ्हाइकांची प्रतिज्ञापत्रं घ्या. मात्र हा कायदा परिशिष्टात दिलेल्या गावांनाच लागू आहे, तेव्हा तुमचं गाव त्यात आहे ना, ही पहिली खात्री. मनीऑर्डर पुढेही दरमहा पाठवत राहा. परत आली तरी पाठवा. भाडं थकवलं असं म्हणायला जागा ठेवू नका.

चार_गाळे यांच्या मुद्द्यावर: परवान्यानं मालकी किंवा भाडेहक्क निर्माण होत नाही. पालिका परवान्यावरच तशी अट छापू शकते. तुमची काळजी त्यानं भागते. गाळा हवा असेल तर निष्कासनाचा, म्हणजे जागा खाली करून मागण्याचा, दावा हाच रस्ता आहे, आणि पुनर्बांधणीसाठी जागा हवी हे कारण त्या कायद्यात आहेच.

आता रिटचं. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झालंय. सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग आणि कोल्हापूर हे सहा जिल्हे तिथं येतात. पूर्वी एका तारखेसाठी महालक्ष्मी एक्स्प्रेसनं रात्रभर मुंबई गाठावी लागायची आणि सकाळी बोर्डावर आपलं प्रकरणच यायचं नाही. किती पक्षकारांनी निव्वळ त्या प्रवासापायी नाद सोडला, ते मी जवळून पाहिलंय. आता सकाळी निघून संध्याकाळी डंकावर परत याल.

रिटमध्ये 'परवाना द्या' एवढंच मागू नका. मुख्य मागणी अशी ठेवायची: ते एका ओळीचं पत्र आणि बंदची नोटीस रद्द करा, आणि मालकाच्या संमतीचा आग्रह न धरता अर्जावर अमुक दिवसांत कारणांसह निर्णय द्या. सोबत अंतरिम मागणी, की निर्णय होईपर्यंत सील करू नये. अशी नेमकी मागणी न्यायालयाला मान्य करायला सोपी जाते. पालिका नंतर प्रतिज्ञापत्रात "आवाज येतो, तिखट उडतं" अशी नवी कारणं जोडू पाहील. त्यावर सर्वोच्च न्यायालयाचा मोहिंदरसिंग गिल प्रकरणातला, १९७८ च्या कायदा अहवालांत छापलेला निकाल आहे. आदेशाची वैधता त्यात लिहिलेल्या कारणांवरच तपासायची, मागाहून कारणं चिकटवता येत नाहीत. तुमच्या आदेशात कारण एकच आहे.

दिवाणी दावाही होतो, पण त्याआधी पालिकेला महिन्याची लेखी नोटीस द्यावी लागते, आणि तोवर तुमचा हंगाम संपेल. एक अडचणही सांगते. पालिकेचा वकील उठून म्हणेल, "अपिलाची सोय असताना थेट इथं कशा आल्या?" म्हणून काकांनी सांगितलेलं अपील दाखल करून त्याची पोच रिटला जोडा.

नोटिशीच्या सात दिवसांत लेखी उत्तर द्याच. अर्ज मुदतीत केला, फी स्वीकारली, नाकारण्याचा सकारण आदेश नाही, सुनावणी नाही, एवढं लिहा. स्वतःच्या हातानं 'विनापरवाना' हा शब्द कुठंही मान्य करू नका. डंक चालू ठेवायचे की नाही हे उत्तर दिल्यानंतर तुमच्या वकिलांबरोबर ठरवा. त्यात दंडाची जोखीम आहे आणि ती मी इथं बसून कमी लेखणार नाही. शिवाय स्थानिक दिवाणी न्यायालयात कॅव्हेट, म्हणजे 'आम्हाला ऐकल्याशिवाय हुकूम देऊ नका' असा अर्ज, टाका, म्हणजे मालक तुमच्या माघारी मनाई हुकूम घेऊ शकणार नाहीत. ती नव्वद दिवस चालते.

खर्चाचं: विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम १२ खाली स्त्रीला मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट नाही. तालुका कोर्टातल्या विधी सेवा समितीत अर्ज करा. यात कमीपणा मानू नका.

कांडप_गिरणी

वकीलताई, काका, खरंच आभार. काल रात्री हे सगळं घरात मोठ्यानं वाचून दाखवलं. तडजोड कर म्हणणारे दीर आता पंचनाम्यासाठी तहसीलला जायला तयार झालेत.

१९८६ च्या संमतीची एक प्रत आमच्याकडेच निघाली. पहिल्या परवान्याच्या फ्रेममध्ये मागच्या बाजूला मामंजींनी घडी करून ठेवली होती, आणि फ्रेम वरच्या माळ्यावर असल्यानं पुरातून वाचली. कडा पिवळ्या पडल्यात, पण तात्यांची सही आणि 'मिरची कांडप व पीठ गिरणीसाठी' एवढं स्पष्ट वाचता येतं. शिंपीकाका आणि चहावाले दोघंही प्रतिज्ञापत्र द्यायला तयार आहेत.

माहिती अधिकाराचा अर्ज आणि नोटिशीचं उत्तर सोमवारी एकदमच देते. उत्तर आवक विभागात देऊन शिक्का घ्यावा की पोस्टानं पाठवावं?

कोल्हापूर_वकील

दोन्ही. आवकला देऊन आपल्या प्रतीवर शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक घ्या. घ्यायला टाळाटाळ केली तर त्याच दिवशी स्पीड पोस्टानं पोचसह पाठवा. नोटीस तुमच्या हातात पडल्याची तारीख बघून सात दिवस मोजा. सोमवार त्यात बसत नसेल तर सोमवारची वाट बघू नका, उद्याच द्या. आणि ती फ्रेममधली संमती कुणाकडेही मूळ देऊ नका, पालिकेला फक्त साक्षांकित झेरॉक्स.